खिशातलं घरटं

आमचा धाकटा दुकानांच्या पाट्या रंगवायचा. बेकरीच्या पाटीवर त्यानं पाव काढला की येणारा-जाणारा वास घ्यायला थांबायचा. पुढे छापील फलक आले, पाट्यांचं काम आटलं. मग यानं कुठूनसा जुना कॅमेरा पैदा केला आणि गावाबाहेरच्या तळ्याचा ध्यासच घेतला. आईनं कपाळावर हात मारून घेतला. मी मात्र त्याची बाजू घेतली. धाकट्या भावाचे लाड मोठ्या बहिणीनं नाही करायचे तर कुणी?

तळं पुढच्या वर्षी बुजवणार होते. तिथल्या लव्हाळ्यांत अंगठ्याएवढा, पिवळ्या पोटाचा एक पक्षी राहायचा. आसपास दुसरीकडे तो कुठेच दिसायचा नाही. त्याचं घरटं आणि पिल्लं फिल्ममध्ये राहावीत, एवढंच याचं वेड. हा विणीचा हंगाम गेला की संपलं.

लपून बसायला तंबू हवा होता. मी पातळ पांढऱ्या कापडाचा शिवून दिला, काड्या खोचायला बाहेरून खिसेही लावले. त्यावर यानं लव्हाळी रंगवली. आता कामापुरतं रंगवावं की नाही? पण पाटीवाल्याची खोड जाते कुठे! पानापानावर ऊन, वाळकी टोकं, वर एक नाकतोडासुद्धा. हे पाखरांना दाखवायचंय की गिऱ्हाइकांना, असं मी त्याला विचारलंही.

झालं, पाखरू फसलं. अख्खं तळं सोडून त्यानं घरटं बांधलं ते आमच्याच खिशात, कॅमेऱ्याच्या भोकाच्या बरोबर वर. आतून ते दिसेना. बाहेरून जरा जवळ गेलं की जोडी बिथरायची. कापड हलवावं तर अंडी पडतील. हा घरी येऊन भिंतीला टेकून बसला, जेवायलाही उठेना. माझं काळीज तुटलं. दुसऱ्या दिवशी सकाळी मीच त्याला उठवून तळ्यावर नेलं.

मागच्या बाजूनं रांगत आम्ही तंबूत शिरलो. समोरून ऊन आलं आणि कापडावर सावली उमटली. चोच, शेपटी, सगळं कसं रेखीव.

"ताई, हलू नकोस," तो पुटपुटला, आणि त्यानं कॅमेरा भोकातून काढून कापडाकडे वळवला.

वाचनालयाच्या हॉलमध्ये फिल्म दाखवली तेव्हा तळ्यावर मातीचे ढीग पडले होते. पडद्यावर नुसत्या सावल्या. माझ्या शिवणीचा दोरा ओढणारी पिल्लांची आई, वर वासलेल्या इवल्या चोची, मग रिकामा खिसा. माझी शिवण कुणी उसवलेली मला खपत नाही, पण तेव्हा मी हसत होते आणि डोळे पुसत होते. शेवटी कुणीतरी विचारलं, पक्ष्याचा रंग कोणता हो? जन्मभर रंगांवर जगलेला माझा भाऊ पांढऱ्या पडद्याकडे वळला.

"पिवळा होता," एवढंच म्हणाला.

आता तिथे गाड्या उभ्या असतात. भाऊही राहिला नाही. फार आठवण येते त्याची. सकाळी उन्हात मी तंबूचं ते कापड खिडकीला लावून बसते. घरात मळकं काही मला चालत नाही, सुना त्यावरून चिडवतातही. पण ते कापड मी अजून धुतलेलं नाही.