एक डोळा पिवळा

मोतीबिंदूचं ऑपरेशन आधी उजव्या डोळ्याचं झालं. पट्टी निघाली आणि जर्मनीत, कार्ल्सरूहेच्या आमच्या स्वयंपाकघराची भिंत पांढरीशुभ्र दिसली. सुनेला विचारलं, "रंग कधी लावलात गं?"

"अहो आई, ती पहिल्यापासून पांढरीच आहे."

उजवा डोळा झाकला. डाव्याला तीच भिंत साजूक तुपासारखी पिवळसर!

दुसऱ्या कुणा म्हातारीला गंमत वाटली असती. माझं आयुष्य कॅमेऱ्यामागे गेलं, तेही अरबी सिनेमात: ट्युनिस, कैरो, अम्मान. शेवटच्या चित्रपटाचं चित्रीकरण दोन्ही डोळे पिवळे असताना उरकलं होतं आणि रंग पक्के करायचे बाकी होते. आता कुठल्या डोळ्यावर विश्वास ठेवायचा?

दिग्दर्शिका माझी ट्युनिसपासूनची मैत्रीण, हल्ली इथे जवळच लुडविग्सहाफेनला लेकीकडे असते. तिच्याकडचं माझं पहिलं काम आठवलं की मला माझीच कीव येते. पुण्यात शिकून आलेली, गॉगल डोक्यावर चढवलेली विदुषी! जुन्या घराच्या साऱ्या खिडक्या उघडल्या, अंगणात रिफ्लेक्टर लावले आणि नायिकेला लग्नाच्या अल्बममधल्या नवरीसारखी उजळून काढली. मैत्रीण शांतपणे म्हणाली, "हबीबती, सखे, इथली माणसं दिवसभर उन्हापासून पळतात. तू त्याला घरात का बोलावलंस?" मी रुसून दोन दिवस अबोला धरला. तो तिच्या लक्षातच आला नाही. पुढे मला कामं मिळत गेली ती खिडक्या बंद ठेवायला शिकले म्हणून.

तर परवा आम्ही दोघी चित्रपटाचे रंग जुळवायच्या अंधाऱ्या खोलीत बसलो होतो. पडद्यावर चित्रपटातली म्हातारी चहा ओतत होती. डाव्या डोळ्याला चहा मधासारखा, उजव्याला फिक्कट. रंग जुळवणारा जर्मन गृहस्थ थांबला. "आल्झो, तर मग रंग उबदार हवा की थंड?"

मी कधी हा डोळा झाकते, कधी तो.

"मला कळत नाहीये," मी म्हटलं. सेटवर हे वाक्य मी कधीच उच्चारलं नव्हतं, काही कळत नसतानासुद्धा.

मैत्रिणीने पडद्याकडे बोट दाखवलं. "हिचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालंय?"

"कुठलं! ही डॉक्टरकडे पाऊल टाकत नाही. तूच तर लिहिलंयस."

"मग तिचं घर तिला दिसतं तसं दाखव."

मी उजवा डोळा झाकून डाव्याला दिसणारा चहा लक्षात ठेवला, मग डावा झाकून म्हटलं, "उबदार. अजून थोडा."

संध्याकाळपर्यंत निम्मा चित्रपट झाला. उरलेला पुढच्या आठवड्यात, आणि डाव्या डोळ्याचं ऑपरेशन गुरुवारी! घरी येऊन मुलाला सांगितलं, ते पुढे ढकल.

"आई! इथे डॉक्टरांचा टेर्मिन मिळवायला मी किती महिने फोन करत होतो, माहितीये ना?"

"गेनाऊ, अगदी बरोबर," मी म्हटलं. "तुला आता सवय झालीय. कर परत."