माझ्या सरणाची लाकडं

आमच्याकडे कुणी गेलं की सरणासाठी घराघरातून लाकडं आणि गवऱ्या जमा होतात. दोन वर्षांपूर्वी शेजारचा म्हातारा ऐन श्रावणात गेला आणि सगळ्यांचीच लाकडं ओली निघाली. डिझेल ओतलं, जुनं टायर टाकलं, तरी सरण धुमसतच राहिलं. आम्ही छत्र्या धरून सोयाबीनवरच्या अळीबद्दल बोलत उभे. जन्मभर मी वाशीमच्या बाजारात वेळेवर मेथी पोचवली. माझ्यापायी लोकांनी असं ताटकळावं, हे मला पटेना.

म्हणून शेताच्या बांधावरची, धुऱ्यावरची वाळलेली बाभूळ तोडून घेतली. विहिरीजवळच्या मोटारीच्या खोलीत लाकडं रचायची, आठ मण झाली की थांबायचं, असं ठरवलं. या वयात रोज पाच-सात लाकडंच फोडून होतात. बायकोला बजावलं, हे माझं सरण, याला हात लावायचा नाही. ती दोन दिवस भांडी आपटत राहिली. तिसऱ्या दिवशी म्हणाली, जिवंतपणी गॅस कधी संपतो ते ठाऊक नसतं आणि निघाले मेल्यावरच्या जाळाची सोय करायला.

चार महिने झाले तरी ढीग कमरेच्या वर जाईना. मी शेजाऱ्यांवर संशय घेतला. लाकडांना चुन्याच्या खुणा केल्या, आल्यागेल्याकडे डोळे बारीक करून पाहू लागलो.

एका सकाळी आंघोळीचं पाणी तापलं का, म्हणून चुलीपाशी गेलो. पाण्याच्या गंजाखाली चुन्याची खूण असलेलं लाकूड अर्धं जळालेलं होतं. बायको बाजूलाच बसली होती. मी फक्त काहून म्हणून विचारलं. ती जराही गडबडली नाही.

"हातातलं काम झालं की तुमी बाजारातही घडीभर थांबत नाई. ढीग पुरा झाला की निंगून जासान. म्हून मी पुरा होऊच देत नाई."

मला हसूच आलं. गंज उतरवून न्हाणीत गेलो. पाणी चांगलं कढत होतं.

मरणाचं भय मला तेव्हाही नव्हतं, आजही नाही. घाई तेवढी राहिली नाही. मी लाकडं फोडतो, ती जाळते. चोरी उघडी पडल्यापासून ती माझ्यासमोरच लाकडं उचलून नेते.

बाभूळ आता संपत आली. परवा तिनंच मला धुऱ्यावरचं दुसरं वाळकं झाड दाखवलं.