न धावता मिळालेल्या गाड्या

“उद्या या,” असं म्हणून ते चष्मा कपाळावर ढकलायचे. दुकान माझं, कॉम्प्युटर माझा, गिऱ्हाईकही माझं. पण त्याला उद्या बोलावण्याचा हक्क मात्र त्यांचा.

बहात्तरच्या दुष्काळात तलाठी म्हणून चिकटलेले हे गृहस्थ निवृत्त होऊन अकोल्याकडच्या मालेगावात राहायला आले, तेव्हा मी तिथे कॉम्प्युटर क्लास चालवत होतो. संध्याकाळी कॉलेजची पोरं मोटारींच्या शर्यतीचा एक जुना खेळ खेळत. शर्यत जिंकली की पैसे आणि पैशांतून नवी गाडी. कुणाकडे काय आहे, याची नोंद एका फाइलीत साठायची. ती फाइल उघडून आकडे बदलण्याचा एक छोटा प्रोग्राम माझ्याकडे होता. पेन्शनचा अर्ज टाइप करून घ्यायला आलेल्या या गृहस्थांनी तो पाहिला आणि दुसऱ्या दिवसापासून कोपऱ्यातला कॉम्प्युटर धरला.

“साहेब, मले लाल गाडी पाहिजे होती.”

“शर्यत जितला काय?”

“नाही ना.”

“काही हरकत नाही. नोंद पक्की पाहिजे. गाडी कायले धावाले पाहिजे?”

काम मिनिटाचं. पण लगेच केलं तर साहेबाला किंमत काय राहिली? पोरं खेटे घालत, चहा सांगत, तेव्हा कुठे साहेब बोट उचलत. गावात त्यांना आता कोणी नमस्कार करत नव्हतं. माझ्या दुकानात त्यांच्यापुढे रांग लागायची. मला हसू यायचं, आणि बरंही वाटायचं.

मग एकानं अकोल्याहून तोच प्रोग्राम फ्लॉपीवर आणून सगळ्यांना वाटला. रांग आटली. साहेब नुसतेच पडद्याकडे बघत बसू लागले. एकदा मला हळूच म्हणाले, “हे चालवतेत कसं, मले दाखवता काय?”

इतक्या गाड्या वाटल्या, पण स्वतः एकही चालवली नव्हती. पहिल्याच वळणावर कुंपणात घुसले. वळताना खुर्चीसकट कलायचे. मागे पोरं जमली.

“काका, ब्रेक मारा ना. काका, डाव्या हातानं घ्या.”

साहेबाचे काका कधी झाले, कुणाच्या ध्यानात आलं नाही. ते शेवटून पहिले आले आणि डोळ्यांत पाणी येईस्तोवर हसले.

मग रोज हरायला येऊ लागले. मी विचारलं, “तुमची फाइल दुरुस्त करून देऊ का?”

“नको. जितलो तर हे पोट्टे मले शिकवाले येतीन काय?”

दिवाळीनंतर मुलगी त्यांना नागपूरला घेऊन गेली. तिथेच ते वारले. बातमी आली त्या संध्याकाळी मी दुकान उघडलं, तर पोरं आधीच पायरीवर बसली होती. कुणीच कॉम्प्युटर मागितला नाही.