एका घरात दोन मैना

"बंद करा! बंद करा म्हनते ना ते जातं!"

सासूबाई ओरडल्या ओसरीवरून, पण ओतूरच्या बाजारात माळणींनी हातातले तराजू खाली ठेवले असं लोक अजून सांगतात. बोरी बुद्रुकपासून ओतूर किती लांब आहे ते मलाही ठाऊक आहे. ज्यांनी आमच्या सासूबाईंचा आवाज ऐकलेला नाही त्यांनी उगाच अंतरं मोजू नयेत. धाकट्या दिराच्या लग्नाची हळद दळली जात होती. जात्याच्या एका अंगाला माझी थोरली जाऊ, आमची आक्का, समोर मी, भोवती भावकीतल्या सवाशिणी. अंगणात जुन्नरची अमिनाबी बांगड्यांची टोपली उघडून बसलेली. सासूबाई ओरडल्या तशा सगळ्या बायकांनी पदर तोंडात कोंबले. आक्काने मात्र ना खुंटा सोडला, ना ओवी.

ती आक्का महिन्यापूर्वी गेली... पुतण्याचा फोन आला तेव्हा मी लसूण सोलत होते. "काकी, आई गेली," एवढंच तो बोलला, आणि मी हातातली पाकळी सोलून पूर्ण केली. नव्वदी ओलांडलेली बाई, रडायचं तरी किती? खरं रडू मला फुटलं ते दहाव्याला. कुकडीच्या घाटावर हा मोठा फलक, त्यावर 'कै. लक्ष्मीबाई'. जो उठेल तो माईक धरून "लक्ष्मीबाईंनी असं केलं, लक्ष्मीबाईंनी तसं केलं." मी शेजारच्या बाईला विचारलं, "का गं, ही कोण बाई गेली?" तिला वाटलं म्हातारीचं डोकं फिरलं. म्हणून हे लिहायला बसले. गेली ती मैना होती.

आमच्याकडे तेव्हा, म्हणजे पन्नास-पंचावन्न सालच्या सुमाराला, सून उंबऱ्यावरचं माप ओलांडून आत आली की माहेरचं नाव बाहेर चपलांपाशी राहायचं. मी यमुना होते, आत येईपर्यंत शारदा झाले. आमच्या मालकांना ते नाव कुठल्याशा कॅलेंडरवर आवडलं होतं. त्याच कॅलेंडरवर बैलांच्या पेंडीची जाहिरात होती, तेव्हा मी थोडक्यात वाचले म्हणायची. पण आक्काचं नाव आवडीनिवडीने गेलं नव्हतं. ती मैना, आणि सासूबाईही मैनाबाई! सासूचं नाव सुनेला कसं चालेल? कुणी "मैने, शेण काढ" म्हणालं आणि सासूबाईंनी मान वर केली तर? "एका घरात दोन मैना न्हाई नांदत," असा निकाल झाला, आणि सोळा वर्षांची मैना लक्ष्मी झाली.

आक्काला आईबाप नव्हते, भाऊ नव्हता. जिने वाढवली ती मावशीही तिच्या लग्नानंतर वारली. एकदा बाजरी खुडताना ती मला म्हणाली होती, "यमुने, तुला माहेरी गेलं की यमुना म्हनणारं हाय कुनीतरी. मला मैना म्हनून हाक मारणारं आता सगळ्या दुनियेत कुनी न्हाई. मरायच्या आधी एकदा कुनी मारावी गं, बस." मी म्हटलं, "मी मारते की!" तर म्हणाली, "तुजी चोरून मारलेली नगं. मोठ्यानं मारलेली पायजे."

आणि गळा तर तिला असा की दळायला बसली की गोठ्यातल्या म्हशी रवंथ थांबवत. शिवनेरीवरचे पोपट आमच्या बांधावर येऊन बसत, दाण्यासाठी नाही, चालीसाठी. त्यामुळे पंचक्रोशीत कुणाचीही हळद असो, जात्यावर आक्काच. रीत अशी की हळद दळताना घरातल्या एकेका बाईचं नाव ओवीत गुंफायचं. ज्या बाईचं नाव राहिलं ती वर्षभर रुसून बसायची. आणि नाव अर्थातच सासरचं.

त्या दिवशी सकाळी अमिनाबीने आक्काला बांगड्या भरल्या. ती भागातल्या सगळ्या गावांतून फिरायची. मुलींना पहिली बांगडी तिनेच भरलेली, मग लग्नाचा चुडाही तिनेच. हात दाबता दाबता तिने सहज विचारलं, "अगं, गोदा दिसत न्हाई कुटं?"

"कोन गोदा?"

"तुजी सास गं! निमगाव सावाची गोदा. एवढीशी व्हती तवा माज्यापाशी हिरव्या बांगड्यांसाठी रडायची. इकडं तुमी तिला मैना म्हनता, न्हवं? म्हना म्हना, माज्या ध्यानात गोदाच हाय."

आक्काने नव्या बांगड्या मागे सारल्या. उठून जात्यावर बसली. पहिलीच ओवी माझी निघाली.

हळद दळीते मी, सोन्याचा पडे सडा
यमुना माझी जाऊ, तिच्या हाती हिरवा चुडा

मग एकेकीचं माहेरचं नाव. कुणी काशी निघाली, कुणी ठकी. साठीची चुलतसासू आपलं नाव ऐकून अशी लाजली की जणू तिचीच हळद होती. तेव्हाच सासूबाई ओरडल्या, "माज्या लेकाच्या हळदीत ही परक्या घरची नावं कशापायी? बंद करा ते जातं!"

आक्काने जातं आणखी हळू केलं, एवढंच.

हळद दळीते मी, दाणा दाणा गं फुटेना
गोदा गेली कुण्या गावा, तिचा निरोप भेटेना

सासूबाईंचं तोंड उघडं होतं ते तसंच राहिलं. चाळीस-एक वर्षांत त्या नावाने त्यांना कुणी पुकारलं नसेल... त्या उंबऱ्यावर बसल्या. पदराने चेहरा पुसला, आणि मग उगाच उंबराही पुसला. अंगणातून अमिनाबी म्हणाली, "ही बघ, सापडली गोदा!" कुणी हसलं नाही.

आता गाणाऱ्या बाईची पंचाईत अशी, की सगळ्यांची नावं ती घेते, तिचं कोण घेणार? मी घेतलं. माझा गळा म्हणजे वंगण नसलेल्या गाडीचं चाक, पण गोदा सापडल्यावर मैना हे नाव आता रिकामं होतं, आणि रिकामी जागा मला सोसत नाही.

हळद दळीते मी, पिवळं झालं गं गाव
मैना आमच्या घरामंदी, तिला मैनाच म्हनावं

आक्काने वर पाहिलं नाही. सासूबाई उठून आत गेल्या आणि दिवसभर एका शब्दाने बोलल्या नाहीत. त्या रागावून बोलल्या असत्या तर बरं, पण त्या गप्प, म्हणून सगळं घर भ्यालं होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी वऱ्हाडाच्या गाड्या आंबेगावच्या वाटेला जुंपल्या. नवरदेव बसला, वाजंत्री बसले, मुहूर्त डोक्यावर. आणि आक्का कुठे? नवरदेवामागे दिवा धरायचा मान आमच्या घरी थोरल्या सुनेचा, तिच्यावाचून गाडी हलायची नाही. पाहतो तर ती खाली कुकडीच्या काठी, पाठमोरी. सासूबाईंनी हाक दिली, "लक्ष्मे!" काही नाही. "ए लक्ष्मे, मुहूर्त टळतोय!" आक्काचे कान असे की निमगावात दूध उतू गेलं तरी तिला इथे कळायचं. तरी पाठ हलेना. सासरे म्हणाले, "बहिरी झाली का काय?" सासूबाई माझ्याकडे बघायला लागल्या. मी बैलांकडे बघायला लागले.

मग त्या गाडीच्या साटीवर उभ्या राहिल्या. डाव्या हाताने पदर सावरला, उजवा तोंडाशी नेला, आणि सगळं गाव, दोन्ही काठची शेतं, पलीकडच्या मेंढ्यासुद्धा ऐकतील अशा आवाजात म्हणाल्या,

"मैनेऽऽऽ!"

आक्का वळली.

"आले, आत्याबाई. हात धुतीया."