सावलीच्या बसस्टँडवरचे ठोसे

सावली गावच्या बसस्टँडवर पन्नाशीतली एक बाई पदर खोचून हवेत ठोसे मारत होती. डावा, उजवा, मग खाली वाकून झटकन बाजूला. शेंगदाणेवाल्यानं आपली टोपली हळूच मागं ओढली.

मी बसलेली बस महिन्यापूर्वी उलटली होती. तेव्हापासून बस दिसली की माझे पाय थरथरायचे. त्या दिवशीही चंद्रपूरची गाडी मी सोडून दिली. तिनं ते पाहिलं आणि ठोसे न थांबवता विचारलं, "भेव लागून राह्यलं का, बाई?"

"हो," मी म्हणाले.

"मले वावरात, धानाच्या बांधीत वाघानं धरलं होतं. जखम भरली, पण भेव जायेना. पुतणीच्या बॉक्सिंगवाल्या मॅडमनं हे शिकवलं. भेव अंगात बसते, ते अंगानंच काढा लागते. उठा, मुठी वळा."

"मनात वाघालाच मारता का?"

"त्याले काऊन मारू? तो त्याच्या पोटासाठी आला होता. मी मारतो ते 'तू एकटी काऊन गेली होती?' म्हणणाऱ्याइले. जाऊबाई तं रोज मार खाते!"

मी उठले. पहिला ठोसा लाजत मारला, दुसरा जरा जोरात. पुढचे कोणाला मारले ते सांगणार नाही, पण घाम फुटला आणि कितीतरी दिवसांनी पोटापर्यंत श्वास गेला. पुढच्या गाडीत मी चढले. पाय कापत होते, कापू दिले. आमचा सराव पाहिलेल्या कंडक्टरनं मात्र मला खिडकीची जागा रिकामी करून दिली आणि तिकीट लांबूनच पुढं केलं.