अडखळणारा माग

“आक्का, गडबड नको,” असं म्हणून आमचा मिस्त्री यंत्रमागाच्या लोखंडी चौकटीला कान लावायचा आणि डोळे मिटायचा. डॉक्टर असल्याचा आव. तुम्हीही असे मिस्त्री पाहिले असतील, ज्यांचं काम कमी आणि फेऱ्याच जास्त. मला पहिल्यापासून संशय होता.

बेळगावच्या वडगावात आमचे दोन यंत्रमाग. ते हा दुरुस्त करायचा आणि रविवारी तिघा मित्रांबरोबर ड्रम बडवायचा. त्या धांगडधिंग्याला पंक म्हणतात, हे त्यानंच सांगितलं. मी विचारलं नव्हतं.

एका मागाच्या चाकाचा दाता झिजला. ठरावीक ठोक्यांनंतर माग अडखळायचा आणि साडीवर आडवी रेघ उठायची. खडेबाजारच्या व्यापाऱ्यानं साड्या परत पाठवल्या. पुन्हा रेघ दिसली तर माल बंद, असा निरोप आला. दुसरं गिऱ्हाईक आम्हाला नव्हतं.

मिस्त्री नवं चाक आणतो म्हणाला आणि रोज येऊन नुसता कान लावून जायला लागला. एके दुपारी मोबाईल मागावर ठेवून बसलेला दिसला. वाटलं, माग अजून अडखळतोय का ते बघायला व्यापाऱ्यानंच याला पाठवलंय.

“काय भरून घेतोस रं त्यात?”

“मागाची चाल. लई भारी लंगडतोय, आक्का.”

“माझं पोट हाय त्याच्यावर. चाक कुठाय?”

त्यानं मान खाली घालून पिशवीतून चाक काढलं. चार दिवसांपूर्वीच आणलेलं. म्हणाला, “बसवलं की हे परत ऐकू येणार न्हाय.”

मी समोर उभी राहून चाक बसवून घेतलं. पुढची साडी स्वच्छ उतरली, व्यापाऱ्यानं घेतली. याला मात्र पुन्हा उंबरा चढू दिला नाही.

वर्षभरानं त्याच्या बँडचा अल्बम आला. पहिलंच गाणं माझ्या मागानं सुरू होतं. लई गाजला म्हणे. आता बेळगावपासून निपाणीपर्यंत पोरांचा नवा बँड निघाला की तसाच लंगडत वाजवतो, मराठीत गाणारा असो की कन्नडमध्ये. त्यांना ती मोठी कला वाटते. झिजलेल्या चाकाची खोड आहे ती.

तो बंगळूरला गेला. जाताना सीडी दारातच ठेवून गेला. तिच्यावर माझे आभार मानलेत. चार दिवस चाक लपवलं, ते लिहिलेलं नाही.

गल्लीत स्पीकरवर ते गाणं लागतं. ठोका अडखळला की माझा हात माग थांबवायच्या दांड्याकडं जातो. वाकून कापड बघते. रेघ नसते.