साफ केलेली तबकडी

ओहायोतल्या आमच्या डब्लिनमध्ये मराठी मंडळी मला ओळखतात ती नोकरीवरून नाही, तर जुन्या रेकॉर्डिंगमधली खरखर काढणारा माणूस म्हणून. कुणाच्या बारशाची कॅसेट, कुणाच्या आईनं रेडिओवर म्हटलेलं भावगीत, सगळं माझ्याकडे येतं. मी ते कॉम्प्युटरवर घेतो, साफ करतो आणि कौतुक करून घेतो. एकदा एका काकांच्या कॅसेटमधल्या खरखरीबरोबर मागचा तंबोराही गेला. काका म्हणाले, "किती क्लीन केलंस रे." मीही थँक्यू म्हणून टाकलं.

माझ्या या हौसेबद्दल बायकोनं शेजारच्या बाईंना सांगितलं. बाई नव्वदीच्या, एकट्या राहणाऱ्या, मूळच्या फ्रेंच. त्यांचे वडील संगीतकार होते. फ्रान्समधला सिनेमा नुकता बोलायला लागला होता तेव्हा त्यांनी सात-आठ चित्रपटांना संगीत दिलं. बऱ्याच चित्रपटांत त्यांचं नावच नाही, आणि जिथे आहे तिथे ते वाचून होण्याआधी पुढची पाटी येते. बाई तीन वर्षांच्या असताना ते वारले. मागे राहिली वाद्यवृंदाच्या तालमीची एक तबकडी. तिच्यावरचा काळा थर पापडासारखा तडकला होता.

"फार तर एकदा वाजेल," बाई म्हणाल्या. "म्हणून मी ती कधी लावलीच नाही. तुम्हाला जमेल?"

मी म्हणालो, काळजी करू नका.

शनिवारी दुपारी बेसमेंटमध्ये तबकडी लावली. जिन्यावरून बायको म्हणाली, "अरे, आधी प्लेन कॉपी घे ना. परत प्ले करता येणार नाही ती."

"माहितीये यार. डोन्ट वरी."

ऑफिसात मी पोरांना रोज बजावतो, आधी मूळ डेटाची कॉपी, मग हात लावा. लोका सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण. खरखर काढणारा फिल्टर चालू ठेवूनच मी रेकॉर्ड केलं, म्हणजे नंतरचं काम वाचेल. व्हायोलिनच्या सुरांखाली कुणीतरी पुटपुटल्यासारखं येत होतं. मला ते पक्कं आठवतंय, कारण माझी चिडचिड झाली होती. इतकं गोड वाजतंय आणि मध्ये ही कुरकुर कसली, म्हणून मी फिल्टर आणखी चढवला. पुटपुटणं गेलं. तोवर सुईखाली थराचे टवके निघत होते. तबकडी थांबली तेव्हा तिच्यावर पुन्हा वाजण्यासारखं काही उरलं नव्हतं.

रविवारी लॅपटॉप घेऊन बाईंकडे गेलो. त्यांनी ठेवणीतला ड्रेस घातला होता. हेडफोन लावून, डोळे मिटून त्यांनी चार मिनिटं ऐकलं आणि म्हणाल्या, "पुन्हा लावा."

दुसऱ्यांदा ऐकून झाल्यावर त्यांनी हेडफोन काढून मांडीवर ठेवले.

"हे तर त्यांच्या सिनेमातही आहे. मला पाठ आहे हे," त्या म्हणाल्या. "आई सांगायची, तालमीत ते वादकांना मोठ्यानं मात्रा मोजून द्यायचे. कुणी चुकलं की स्वतः गाऊन दाखवायचे. त्यांचा आवाज मला आठवत नाही. या तबकडीत तो असेल असं वाटलं होतं."

ते पुटपुटणं माझ्या कानात होतं. जगात ते ऐकलेला मी एकटाच उरलो होतो, आणि मी त्याला कुरकुर म्हटलं होतं. खरं सांगायला एक वाक्य पुरलं असतं. बाई कदाचित रडल्या असत्या, त्यांनी मला घराबाहेर काढलं असतं, आणि ते योग्यच झालं असतं. पण मी भित्रा निघालो.

"तबकडी फार खराब झाली होती," मी म्हणालो. "आवाज त्यातून आधीच गेला असणार."

बाईंनी मांडीवरचे हेडफोन माझ्याकडे परत दिले.

"गॅरेजमध्ये ठेवली होती मी," त्या म्हणाल्या. "किती उन्हाळे गेले तिच्यावरून. माझा भाऊ सांगून सांगून थकला, की घरात ठेव, तापून जाईल. मी ऐकलं नाही." मी नाही म्हणावं अशा आशेनं त्या माझ्याकडे बघत होत्या. "तापल्यामुळेच होतं ना असं?"

"हो," मी म्हणालो. "तापल्यामुळेच."